युद्धाचे कारण आणि कॅमेऱ्याची नजर

१८ डिसेंबर १९६१ रोजी भारतीय सैन्य गोव्याच्या हद्दीत शिरले आणि त्याच दिवशी न्यूयॉर्कमध्ये संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेची तातडीची बैठक भरली. अमेरिकेचे प्रतिनिधी अ‍ॅडलाय स्टीव्हन्सन यांनी तीत भारताला धारेवर धरले. संयुक्त राष्ट्रांच्या मरणाने संपू शकेल अशा नाटकाचा हा पहिला अंक ठरेल, अशा अर्थाचे त्यांचे उद्गार वाचताना गोमंतकीय वाचकाचे डोके आजही थोडे तापतेच. भारताची बाजू सी. एस. झा यांनी मांडली. युद्धबंदीच्या आणि माघारीच्या ठरावाला सात मते पडली, विरोधात चार पडली, सोव्हिएत संघाने नकाराधिकार वापरला आणि दुसऱ्या दिवशी पणजीवर तिरंगा चढला.

हेच स्टीव्हन्सन आठ महिन्यांपूर्वी संयुक्त राष्ट्रांतच एक छायाचित्र दाखवून तोंडघशी पडले होते, हे मात्र आपल्याकडे फारसे कोणी सांगत नाही. १५ एप्रिल १९६१ रोजी क्यूबाच्या विमानतळांवर बॉम्बहल्ले झाले. त्याच सकाळी एक बी-२६ विमान मायामीला उतरले आणि आपण कॅस्ट्रोच्या हवाई दलातून फुटून आलो आहोत, असे त्याच्या वैमानिकाने सांगितले. क्यूबाच्या परराष्ट्रमंत्र्यांनी हल्ल्यामागे अमेरिका असल्याचा आरोप केला, तेव्हा स्टीव्हन्सन यांनी राजकीय समितीत त्या विमानाचे छायाचित्र पुढे केले. क्यूबाच्या हवाई दलाची खूण विमानावर स्पष्ट दिसत होती. ती खूण सीआयए या अमेरिकी गुप्तचर संस्थेने रंगवलेली होती आणि ही गोष्ट खुद्द स्टीव्हन्सन यांच्यापासूनही लपवण्यात आली होती. बिंग फुटले ते मायामीच्या विमानतळावर. क्यूबाच्या बी-२६ विमानांचे नाक पारदर्शक प्लास्टिकचे असे, या विमानाचे नाक धातूचे होते. त्याच्या मशीनगनमधून गोळ्या झाडल्या गेल्याचीही काही चिन्हे दिसत नव्हती. हे ज्या बातमीदारांना दिसले त्यांच्या हाती कोणतेही गुप्त कागद नव्हते. त्यांनी विमानाजवळ जाऊन ते नीट पाहिले होते, एवढेच.

या प्रसंगाचे मोल मला वाटते ते वेळेमुळे. युद्धाच्या समर्थनासाठी रचलेली एक गोष्ट ती सांगितली गेली त्याच सुमारास, म्हणजे तपासाचा काही उपयोग होण्याच्या वेळी, तपासली गेली. त्यानंतरच्या साठ वर्षांत असे किती वेळा घडले हे पाहू गेल्यास हाती फार थोडे लागते. दूरचित्रवाणीच्या शोधपत्रकारितेने युद्धातील हिंसा उघड करण्याचे काम केले आणि ते धैर्याने केले, हे मान्य करूनच मला म्हणायचे आहे की युद्ध ज्या कारणासाठी पुकारले गेले त्या कारणाचा तपास तिने बहुतेक वेळा तोफा थंडावल्यावर केला. हिंसेचे चित्र निघते. फसवणुकीचे चित्र निघत नाही, कारण ती एखाद्या टिपणातून गाळलेल्या वाक्यात किंवा ज्याची उलटतपासणी कोणी केलीच नाही अशा साक्षीदाराच्या जबानीत दडलेली असते. चित्रावर जगणारे माध्यम चित्र असेल तिकडे धावणार हे उघड आहे. पण त्याचा परिणाम असा होतो की गोळी झाडणारा हात सापडतो आणि ती झाडण्याचे निमित्त तयार करणारे डोके सुटून जाते.

व्हिएतनामचे उदाहरण घेऊ. ऑगस्ट १९६५ मध्ये सीबीएस या अमेरिकी वाहिनीचा बातमीदार मॉर्ली सेफर कॅम ने या गावातून बातमी देत होता आणि त्याच्या मागे अमेरिकी सैनिक साध्या सिगारेट लायटरने झोपड्यांची छपरे पेटवताना दिसत होते. माय लाय गावात अमेरिकी सैनिकांनी केलेले गावकऱ्यांचे हत्याकांड १६ मार्च १९६८ चे. सीमोर हर्श यांनी ते नोव्हेंबर १९६९ मध्ये उजेडात आणले आणि त्याच महिन्यात सीबीएसवर माइक वॉलेस यांनी त्या तुकडीतील एका माजी सैनिकाची मुलाखत घेतली. पुरुष, बायका, मुले असे तो सैनिक सांगत असताना वॉलेस यांनी विचारले, तान्ही बाळेसुद्धा? त्यावर तान्ही बाळेसुद्धा, एवढेच उत्तर आले. या मुलाखतीइतकी थंड आणि भयंकर मुलाखत दूरचित्रवाणीवर क्वचितच झाली असेल. पुढे काय झाले? शिक्षा झाली ती एका लेफ्टनंटला, आणि त्याचीही जन्मठेप काही वर्षांच्या, बहुतांशी घरातल्याच, नजरकैदेवर आली.

आता त्याच युद्धाचे कारण पाहा. टोंकिनच्या आखातात ४ ऑगस्ट १९६४ च्या रात्री अमेरिकी युद्धनौकांवर दुसऱ्यांदा हल्ला झाल्याचे सांगून अध्यक्ष जॉन्सन यांनी काँग्रेसकडून युद्धाचे अधिकार मिळवले. सिनेटमध्ये ठरावाच्या बाजूने ८८ आणि विरोधात केवळ दोन मते पडली. तो दुसरा हल्ला झालाच नव्हता. अमेरिकेच्या राष्ट्रीय सुरक्षा संस्थेच्या इतिहासकाराने केलेला याविषयीचा अभ्यास जनतेसाठी खुला झाला तो २००५ मध्ये. हत्याकांड वीस महिन्यांत बाहेर आले आणि युद्धाच्या कारणाची अधिकृत कबुली बाहेर यायला एक्केचाळीस वर्षे लागली. मधल्या काळात शंका घेणारे होते, पेंटागॉनची, म्हणजे अमेरिकी संरक्षण खात्याची, गुप्त कागदपत्रेही १९७१ मध्ये छापून आली, पण तोवर युद्धाला सात वर्षे झाली होती.

इराकमधील अबू गरीब तुरुंगाची कथाही याच वळणाची आहे. २८ एप्रिल २००४ रोजी सीबीएसने तिथल्या कैद्यांच्या छळाची छायाचित्रे दाखवली; तीसुद्धा अमेरिकी संयुक्त सेनाप्रमुखांच्या विनंतीवरून दोन आठवडे थांबून. अकरा सैनिक दोषी ठरले. ज्या न्याय खात्याने ऑगस्ट २००२ मध्ये छळाची व्याख्याच इतकी अरुंद करून दिली की तिच्यात जवळजवळ काहीच बसू नये, त्या खात्यातील कोणी तुरुंगात गेले नाही. विशेष म्हणजे हीच वाहिनी, याच कार्यक्रमात, चार-साडेचार महिन्यांनी अध्यक्ष बुश यांच्या लष्करी सेवेविषयीची काही कागदपत्रे घेऊन उभी राहिली आणि ती अस्सल असल्याचे सिद्ध करता न आल्याने तिला जाहीर माफी मागावी लागली. छायाचित्रांच्या बळावर जो चमू भक्कम उभा होता तो कागदावर घसरला, हा योगायोग मला अर्थपूर्ण वाटतो. कागद वाचण्याची सवय त्या कार्यशाळेत पुरेशी मुरलेली नव्हती.

कुवेतचा विषय गोव्यात तरी परका नाही. सासष्टी-बार्देशातील कितीतरी घरे कुवेतच्या पगारावर उभी राहिली आहेत. ऑगस्ट १९९० मध्ये सद्दाम हुसेनने कुवेत गिळंकृत केले तेव्हा तिथे अडकलेल्या पावणेदोन लाखांच्या आसपास भारतीयांना अम्मानमार्गे एअर इंडियाच्या विमानांनी परत आणावे लागले. त्यांत गोमंतकीयही होते. ही माणसे घरी परतत होती त्याच काळात, १० ऑक्टोबर १९९० रोजी, वॉशिंग्टनमध्ये अमेरिकी काँग्रेस सदस्यांच्या मानवाधिकार गटासमोर पंधरा वर्षांची एक कुवेती मुलगी बोलायला उभी राहिली. तिचे फक्त पहिले नाव, नायिरा, सांगण्यात आले. कुटुंबाच्या सुरक्षिततेसाठी आडनाव गुप्त ठेवल्याचे कारण दिले गेले. आपण कुवेतच्या एका रुग्णालयात काम करीत होतो आणि इराकी सैनिकांनी काचपेट्यांतून अर्भके काढून ती थंडगार फरशीवर मरायला टाकली, हे आपण डोळ्यांनी पाहिले, असे तिने रडत रडत सांगितले.

त्या साक्षीचे चित्रण हिल अँड नोल्टन या जनसंपर्क कंपनीने स्वतः करून दूरचित्रवाणी केंद्रांना पुरवले होते. कुवेतच्या निर्वासित सत्ताधाऱ्यांनी पैसा पुरवलेल्या एका संघटनेसाठी ती काम करीत होती. त्याच संध्याकाळी ती दृश्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय बातम्यांत झळकली. अध्यक्ष थोरले बुश यांनी पुढच्या आठवड्यांत काचपेट्यांची गोष्ट वारंवार सांगितली. सिनेटमधील चर्चेतही ती आली आणि १२ जानेवारी १९९१ रोजी युद्धाला संमती मिळाली ती ५२ विरुद्ध ४७ मतांनी. मुलगी अमेरिकेतील कुवेतच्या राजदूतांची कन्या होती, हे जानेवारी १९९२ मध्ये जॉन मॅकार्थर यांनी छापले. एबीसी या अमेरिकी वाहिनीचा बातमीदार जॉन मार्टिन प्रत्यक्ष कुवेतच्या रुग्णालयांत जाऊन डॉक्टरांशी बोलला तो मार्च १९९१ मध्ये, आणि काचपेट्यांची गोष्ट खोटी असल्याचे त्याला तिथे सांगितले गेले. कॅनडाच्या सीबीसीने या सर्व प्रकरणावर उत्तम कार्यक्रम केला तो त्याच्याही पुढच्या वर्षी. उत्तम, पण केव्हा? फेब्रुवारीअखेर युद्ध संपले होते.

येथे कोणी म्हणेल की इराकी सैन्याने कुवेतमध्ये अत्याचार केलेच होते, मग एका गोष्टीचा एवढा बाऊ कशाला? अत्याचार झाले होते, हे खरेच आहे. म्हणूनच ती बनावट गोष्ट दुहेरी घातक ठरली. खोट्या अर्भकांसाठी जगाने अश्रू ढाळले, आणि गोष्ट उघडी पडल्यावर खऱ्या मृतांकडेही संशयाने पाहिले जाऊ लागले. पुढे बॉस्नियात, रवांडात, अलीकडे गाझात आणि युक्रेनमध्ये प्रत्येक वेळी कोणी ना कोणी काचपेट्यांची आठवण काढून समोरचे प्रेतही नाटक ठरवायला धजावले. युद्धाचे समर्थन करणाऱ्या असत्याची किंमत युद्धपीडितच मोजतात, तीही पुढच्या युद्धातले.

इराकच्या दुसऱ्या युद्धाचा तपशील बहुतेकांना ठाऊक आहे, त्यामुळे त्यातली एकच गोष्ट जवळून पाहावी असे वाटते. ५ फेब्रुवारी २००३ रोजी अमेरिकेचे परराष्ट्रमंत्री कॉलिन पॉवेल सुरक्षा परिषदेत बोलायला बसले, त्याआधी काही दिवस सभागृहाबाहेर टांगलेल्या ‘गर्निका’ या पिकासोच्या युद्धविरोधी चित्राच्या प्रतिकृतीवर निळा पडदा ओढण्यात आला होता. पॉवेल यांनी पांढऱ्या भुकटीची कुपी हातात धरून दाखवली, ती सर्वांच्या लक्षात राहिली. मला अधिक महत्त्वाची वाटतात ती पडद्यावरची चित्रे. जैविक अस्त्रे तयार करणाऱ्या फिरत्या प्रयोगशाळा म्हणून जे काही जगाला दाखवले गेले ती छायाचित्रे नव्हतीच. ती चित्रकाराने काढलेली रेखाटने होती, कारण तशा प्रयोगशाळेचे छायाचित्र कोणाकडेच नव्हते. सारा आधार मुख्यतः जर्मनीत आश्रय घेतलेल्या, ‘कर्व्हबॉल’ हे टोपणनाव दिलेल्या एका इराकी अभियंत्याच्या जबानीचा होता, आणि सीआयएने त्याची स्वतः उलटतपासणी केलेली नव्हती. जर्मन गुप्तचर त्याच्याविषयी साशंक होते. वाहिन्यांनी ती रेखाटने जशीच्या तशी प्रसारित केली. छायाचित्र का नाही, हा एक प्रश्न त्या संध्याकाळी प्रत्येक वृत्तनिवेदकाने विचारला असता, तर त्यासाठी कोणत्याही गुप्त सूत्राची गरज पडली नसती. सीबीएसने कर्व्हबॉलचे खरे नाव आणि कथा प्रेक्षकांपुढे आणली ती नोव्हेंबर २००७ मध्ये. २०११ मध्ये तर त्याने आपण खोटे बोललो हे स्वतःच कबूल केले.

शंका घेणारे त्याही वेळी होते. नाइट रिडर या वृत्तसमूहाचे जोनाथन लँडे आणि वॉरन स्ट्रोबेल हे बातमीदार २००२ पासून गुप्तचर खात्यातील मधल्या फळीच्या अधिकाऱ्यांशी बोलून वेगळे चित्र मांडत होते. ते छापील पत्रकार होते, हा काही अपघात नव्हे. त्यांच्याकडे दाखवण्यासारखे काहीच नव्हते, केवळ सांगण्यासारखे होते.

दूरचित्रवाणीने युद्धाच्या समर्थनयंत्रणेलाच हात घातल्याचे एक मोठे उदाहरण आहे आणि ते दोन्ही अंगांनी शिकण्यासारखे आहे. २३ फेब्रुवारी १९७१ रोजी सीबीएसने पेंटागॉनच्या प्रचारखर्चावर एक तासाचा कार्यक्रम दाखवला. गावोगाव भाषणे देत फिरणारे कर्नल आणि मुलाबाळांसह आलेल्या कुटुंबांसमोर होणारी शस्त्रप्रात्यक्षिके प्रेक्षकांना कराच्या पैशाने युद्ध कसे विकले जाते ते दाखवत होती. विषय अचूक होता, निष्कर्ष योग्य होता. पण संकलनाच्या टेबलावर एका कर्नलच्या भाषणातील वेगवेगळ्या ठिकाणची वाक्ये सलग जोडली गेली, आणि लाओसच्या पंतप्रधानांचे म्हणून त्याने सांगितलेले विधान त्याचे स्वतःचेच असल्यासारखे ऐकू आले. संरक्षण खात्याच्या एका साहाय्यक सचिवाची उत्तरेही मागेपुढे केली गेली. लोकप्रतिनिधिगृहाच्या समितीने न वापरलेले सारे चित्रण मागितले. सीबीएसचे अध्यक्ष फ्रँक स्टँटन यांनी ते द्यायला साफ नकार दिला आणि त्यांच्यावर अवमानाची कारवाई करण्याचा प्रस्ताव सभागृहाने २२६ विरुद्ध १८१ मतांनी समितीकडे परत पाठवला.

सरकारने पत्रकाराच्या दप्तरात हात घालू नये, या मुद्द्यावर मी स्टँटन यांच्याच बाजूचा आहे. तरीही फसवणूक उघड करणाऱ्याने स्वतःची कात्री लपवायची, यात काहीतरी मुळातच चुकते असे वाटल्यावाचून राहत नाही. मुलाखतींची पूर्ण प्रत वाहिनीने आपणहून लोकांपुढे ठेवली असती, तर समितीच्या हाती समन्सशिवाय काहीच उरले नसते. त्या काळी ते खर्चाचे आणि अवघड होते. आज पूर्ण मुलाखत इंटरनेटवर ठेवायला कवडीचाही खर्च येत नाही, तरी ती ठेवणाऱ्या वाहिन्या बोटांवर मोजण्याइतक्या आहेत.

गोव्याच्या भूमीवर युद्धाच्या कारणांची गल्लत झाल्याचे दाखले आपल्या इतिहासातही आहेत, आणि तिथे कॅमेरा नव्हताच. ९ मार्च १९४३ च्या रात्री मुरगाव बंदरात आश्रयाला असलेले ‘एरेनफेल्स’ हे जर्मन जहाज पेटले, त्याच्या कप्तानासह काही माणसे मेली आणि पाठोपाठ इतर जर्मन जहाजे व एक इटालियन जहाज त्यांच्या खलाशांनीच बुडवले. पोर्तुगाल तटस्थ होते. हल्ला ब्रिटिशांनी कोलकात्याहून पाठवलेल्या हौशी, पन्नाशीकडे झुकलेल्या स्वयंसैनिकांकरवी घडवून आणला होता. ब्रिटनने तो पस्तीस वर्षे मान्य केला नाही आणि दरम्यान दोष खलाशांच्या माथी राहिला. १९७८ मध्ये गोष्ट पुस्तकरूपाने बाहेर आली ती शौर्यकथा म्हणून. दोनच वर्षांत तिच्यावर इंग्रजी चित्रपट निघाला आणि त्याचे चित्रीकरण गोव्यातच झाले. जहाजावरच्या गुप्त बिनतारी यंत्रातून पाणबुड्यांना खबरा जात आणि हल्ल्यानंतर हिंदी महासागरातील जहाजे बुडण्याचे प्रमाण घटले, हे जे समर्थन दिले जाते त्यावर इतिहासकारांत आजही वाद आहे. मुरगावच्या लोकांनी आग पाहिली, चित्रपटाचे चित्रीकरणही पाहिले; समर्थनाचे कागद मात्र त्यांना कोणी दाखवले नाहीत.

१९६१ चेही असेच. पोर्तुगालचा हुकूमशहा सालाझार याने १४ डिसेंबरला गव्हर्नर जनरल वासालो इ सिल्व्हा यांना कळवले की शरणागती नको, आपले सैनिक व खलाशी एकतर विजयी होतील किंवा मरतील. प्रत्यक्षात सुमारे छत्तीस तासांत सारे आटोपले. भारताचे २२ आणि पोर्तुगालचे ३० सैनिक कामी आले, तीन हजारांहून अधिक कैद झाले. पण सेन्सॉरखालच्या लिस्बनमधील वृत्तपत्रे घनघोर प्रतिकाराच्या कथा छापत राहिली. त्या कथेला मृत वीर हवे होते आणि हजारो जिवंत कैदी तिच्यात अडचणीचे ठरत होते. म्हणूनच विनाकारण रक्तपात टाळणाऱ्या वासालो इ सिल्व्हा यांना पुढे सैन्यातून बडतर्फ करण्यात आले आणि त्यांचा मान परत मिळायला पोर्तुगालमध्ये १९७४ ची क्रांती व्हावी लागली. पोर्तुगालच्या सरकारी दूरचित्रवाणीने आफ्रिकेतील वसाहतयुद्धांवर दीर्घ, गंभीर मालिका दाखवली ती २००७ मध्ये. आपली बाजू न्याय्य होती. चौदा वर्षांच्या वाटाघाटी, १५ ऑगस्ट १९५५ चा सत्याग्रहींवरील गोळीबार, वामन सरदेसाई आणि लिबिया लोबो यांनी जंगलातून सहा वर्षे चालवलेले मुक्तीचे नभोवाणी केंद्र, यांपुढे तिला आणखी पुराव्याची गरज नव्हती. तरीही बाजू न्याय्य असली म्हणजे तिच्या नावाने सांगितलेली प्रत्येक गोष्ट खरी ठरत नाही, एवढे भान अशा वेळी ठेवावेच लागते.

ते भान ८ मे २०२५ च्या रात्री किती सुटले हे आपण सर्वांनी दिवाणखान्यात बसून पाहिले. ‘ऑपरेशन सिंदूर’ सुरू होऊन दोन रात्री झाल्या होत्या. आयएनएस विक्रांतने कराची बंदर उद्ध्वस्त केले, इस्लामाबाद पडले, पाकिस्तानच्या लष्करप्रमुखाला अटक झाली, अशा बातम्या देशातील नामांकित वाहिन्यांनी भोंग्याच्या आवाजात, लाल पट्ट्यांवर, रात्रभर दिल्या. त्यांतली एकही खरी नव्हती. तो भोंगा इतका सर्रास वाजू लागला की नागरी संरक्षण संचालनालयाला १० मे रोजी सूचना काढून वाहिन्यांना तो बंद करायला सांगावे लागले, कारण खरा भोंगा वाजला तर लोक उठतील का, हा प्रश्न होता. दाबोळीला नौदलाचा तळ आहे, वास्कोत नौदलाची घरे आहेत, तारवावर गेलेला एखादा तरी माणूस प्रत्येक वाड्यावर आहे. त्या घरांत ही रात्र करमणूक म्हणून गेली नाही. याच वाहिन्यांपैकी काहींनी सप्टेंबर २०२१ मध्ये अफगाणिस्तानातील पंजशीर खोऱ्यातील हवाई हल्ला म्हणून एका व्हिडिओ गेममधले दृश्य दाखवले होते, हे लक्षात घेतले तर मे २०२५ हा अपघात नव्हता हे कळते.

त्याहून वाईट गोष्ट जम्मू-काश्मीरमधील पूँछमध्ये घडली. पाकिस्तानी तोफगोळ्यांत मारल्या गेलेल्या एका मदरशातील शिक्षकाला काही वाहिन्यांनी त्याच्या फोटोसह दहशतवादी ठरवले. पूँछच्या पोलिसांनी तातडीने खुलासा केला. जूनमध्ये स्थानिक न्यायालयाने गुन्हा नोंदवण्याचा आदेश दिला. शत्रूच्या माऱ्यात मेलेला आपलाच नागरिक आपल्याच पडद्यावर शत्रू झाला. येथे वाहिनी कोणाच्या खोट्या समर्थनाला उशिरा तपासत नव्हती. समर्थन ती स्वतःच तयार करीत होती, आणि गेल्या साठ वर्षांत झालेला मोठा बदल हाच आहे. टोंकिनची कथा सरकारने रचली आणि वाहिन्यांनी वाहिली. ८ मेच्या रात्रीच्या अनेक कथा तर सरकारनेही सांगितल्या नव्हत्या.

युद्धकाळात प्रश्न विचारल्याने सैनिकांचे मनोबल खचते, असे म्हणणारे सगळेच ढोंगी नसतात. ज्यांची मुले सीमेवर आहेत अशी माणसेही तसे म्हणतात आणि त्यांचे म्हणणे झटकून टाकता येत नाही. सैन्याच्या हालचाली दाखवू नयेत, हे योग्यच आहे. २६ नोव्हेंबर २००८ च्या मुंबई हल्ल्यातील थेट प्रक्षेपणावर कसाबच्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने कडक ताशेरे ओढले होते आणि २०१५ पासून दहशतवादविरोधी कारवाईच्या थेट प्रक्षेपणावर नियमाने बंदीही आहे. पण हालचाल दडवणे वेगळे आणि दाव्याला पुरावा न मागणे वेगळे. १९९९ च्या कारगिल युद्धानंतर तीन दिवसांत के. सुब्रह्मण्यम यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली, तिने डिसेंबरमध्ये अहवाल दिला आणि गुप्त भाग वगळून तो लोकांसमोर ठेवला गेला. गुप्तचर यंत्रणेच्या चुका त्यात मांडल्या होत्या. त्याने कोणाचे मनोबल खचल्याचे ऐकिवात नाही. सरकारी समिती जे पाच महिन्यांत करू शकते ते स्वतंत्र वाहिनीला जमू नये, हे पटत नाही.

कागद दाखवला तर प्रेक्षक निघून जातो, असे वाहिन्यांचे व्यवस्थापक सांगतात. गोव्याचा अनुभव निराळा आहे. बेकायदा खाणींचा प्रश्न इथे गाजला तो मुख्यतः आकड्यांवर: रॉयल्टी किती टन खनिजावर भरली आणि बंदरातून निर्यात किती टन झाले, यांतल्या तफावतीवर. शहा आयोगाचा अहवाल सप्टेंबर २०१२ मध्ये संसदेत मांडला गेला आणि त्याने सुमारे ३५,००० कोटींच्या नुकसानीचा अंदाज दिला, तेव्हा सांगे-डिचोलीच्या चहाच्या टपरीवर लोक परवान्यांच्या आणि भाडेपट्ट्यांच्या तारखा तोंडपाठ सांगत होते. आपल्या पाण्याचा आणि शेताचा प्रश्न असला की माणूस कंटाळवाणा तक्ताही वाचतो. युद्धही कोणाच्या ना कोणाच्या मुलाचा प्रश्न असतेच.

म्हणून वाहिन्यांकडून मागायचे ते थोडे आणि ठोस असावे. युद्धाच्या समर्थनार्थ केलेला दावा दाखवताना तो कोणी केला, त्या माणसाने ते स्वतः पाहिले का, आणि दाखवलेले दृश्य छायाचित्र आहे की रेखाटन, हे पडद्यावरच लिहावे. मुलाखतीची पूर्ण प्रत लोकांसाठी खुली ठेवावी. दावा खोटा ठरला तर दुरुस्ती त्याच वेळेला, त्याच निवेदकाच्या तोंडून आणि तितकाच वेळ द्यावी. मध्यरात्री खाली सरकणाऱ्या पट्टीला दुरुस्ती म्हणू नये. यातले काही सरकारने सक्तीने करून घ्यावे, असे मी म्हणणार नाही, कारण ती सक्ती पहिल्यांदा वापरली जाईल ती प्रश्न विचारणाऱ्यावरच.

उरते ती वाहिन्यांच्या स्वनियमन संस्थेची व्यवस्था. तिच्या सर्वाधिक दंडाची मर्यादा एक लाख रुपये होती आणि ती २००८ पासून बदललेली नव्हती, यावर ऑगस्ट २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेच बोट ठेवले; आणि सभासद नसलेल्या वाहिन्यांवर तिचा अधिकारच चालत नाही. दंडापेक्षाही मला खटकते ती मुदत. प्रेक्षकाला प्रक्षेपणानंतर सात दिवसांच्या आत वाहिनीकडे तक्रार करावी लागते. नायिराचे आडनाव कळायला पंधरा महिने लागले, कर्व्हबॉल पडद्यावर यायला जवळजवळ पाच वर्षे. युद्धाला कारण म्हणून दाखवलेल्या दाव्यांपुरती तरी ही सात दिवसांची अट काढून टाकावी, आणि असे प्रक्षेपण वाहिनीने पुसून न टाकता किमान पंचवीस वर्षे जपून ठेवावे, म्हणजे कागद खुले होतील तेव्हा ताडून पाहायला मूळ चित्रण हाताशी असेल.